हात कामात, कान टीव्हीकडे

आमच्या घरी दुपारी टीव्ही कुणी बघत नसे. तो लावलेला असे. आई ओट्याशी मेथी निवडत किंवा शेंगदाणे भाजत उभी, आणि बाहेरच्या खोलीत टीव्ही आपला बोलत राहायचा. मधेच संगीत चढलं की हातातलं ठेवून, पदराला हात पुसत ती दारापर्यंत यायची, अर्धा मिनिट उभी राहायची आणि पुन्हा आत. वीस-बावीस मिनिटांच्या भागातली जेमतेम दोन-तीन मिनिटं तिने डोळ्यांनी पाहिलेली असत. तरी संध्याकाळी शेजारच्या काकूंनी कुंपणावरून विचारलं, "अहो, आज काय झालं हो? आमच्याकडे लाइट गेली होती," की आई सगळा भाग सांगायची. कोण काय म्हणालं, कोण गप्प बसलं, कुणाचा चेहरा उतरला. तो उतरलेला चेहरा तिने पाहिलेला नसायचा. आवाजावरून तिला तो कळलेला असायचा.

आई टीव्ही अर्धवट बघते, असं मला पुष्कळ वर्षं वाटत होतं. पुढे या मालिकांचा इतिहास वाचायला लागले तेव्हा समजलं, की दुपारचा टीव्ही मुळात असाच बघण्यासाठी घडवलेला आहे. ज्याचे हात कामात आहेत, त्याच्या कानांसाठी. एवढं एक लक्षात आलं की या मालिकांबद्दलच्या नेहमीच्या प्रश्नांची उत्तरं मिळायला लागतात. गोष्ट इतकी हळू का चालते? तेच ते पुन्हा का सांगतात? संपत का नाही? आणि एवढं सगळं असून माणसं वर्षानुवर्षं तिला धरून का राहतात? यासाठी अमेरिकेतल्या शिकागो शहरात जावं लागतं, टीव्हीच्याही आधीच्या काळात.

साबणाच्या पैशावर चाललेली गोष्ट

२० ऑक्टोबर १९३० रोजी शिकागोच्या डब्ल्यूजीएन रेडिओ केंद्रावर 'पेंटेड ड्रीम्स' ही पंधरा मिनिटांची मालिका सुरू झाली. लिहिणारी इर्ना फिलिप्स ही आधी शिक्षिका होती. मालिकेत ती स्वतः आवाजही द्यायची. गोष्टीत एक विधवा आई, तिची लग्नाची मुलगी आणि घरात येणारी-जाणारी माणसं. खून नाही, खजिना नाही. घरातलं बोलणं, लग्नाची काळजी, पैशाची ओढाताण.

दिवसा रेडिओ ऐकायला कोण रिकामं बसलंय, असा तेव्हाचा समज होता. पुरुष कामावर, मुलं शाळेत. त्यामुळे जाहिरातदारांसाठी दुपारच्या वेळेचा भाव रात्रीपेक्षा बराच कमी होता. साबण विकणाऱ्या कंपन्यांनी याच गोष्टीकडे दुसऱ्या बाजूने पाहिलं. घरात कुठला साबण यायचा हे ठरवणारी बाई नेमकी त्या वेळी घरात असते. ती कपडे धूत असते, भांडी घासत असते, म्हणजे त्या क्षणी तिच्या हातात साबणच असतो. १९३३ मध्ये प्रॉक्टर अँड गॅम्बलने ऑक्सिडॉल या कपडे धुण्याच्या पावडरच्या जाहिरातीसाठी 'मा पर्किन्स' ही मालिका चालवायला घेतली. मा पर्किन्सचं काम व्हर्जिनिया पेन या अभिनेत्रीने १९६० पर्यंत, सलग २७ वर्षं केलं. अशा मालिकांना 'सोप ऑपेरा' हे नाव पडलं ते यातूनच. पैसे साबणाचे आणि भावना संगीत नाटकाच्या. नाव हिणवण्याच्या सुरातच दिलं गेलं होतं, आणि तो सूर आजही गेलेला नाही.

या धंद्याच्या गणितातूनच गोष्टीचा आकार ठरला. साबण रोज लागतो, म्हणून त्याची आठवण रोज करून द्यायला हवी. आठवण रोज द्यायची तर कार्यक्रम रोज हवा. रोज त्याच वेळी रेडिओ लावावासा वाटायचा तर कालचं काहीतरी आज पुरं व्हायचं राहिलेलं हवं. आणि साबण विकणं कधी थांबणार नसल्यामुळे गोष्टही थांबायची नाही. शेवट नसलेली गोष्ट अशी जन्माला आली. कादंबरी शेवटाकडे जाते, नाटक शेवटाकडे जातं. इथे लेखकाला शेवटाची मुभाच नव्हती, तेव्हा त्याने सगळं कसब मधल्या भागात ओतलं.

टीव्ही आला तेव्हा कंपन्यांना काळजी पडली, की बाई पडद्याकडे बघत बसली तर तिची कामं कशी होणार? आणि कामं होत नाहीत म्हणून तिने टीव्ही लावलाच नाही तर? उपाय असा निघाला, की रेडिओची घडण तशीच ठेवायची आणि वर चित्र चढवायचं. इर्ना फिलिप्सचीच 'गायडिंग लाइट' ही मालिका २५ जानेवारी १९३७ रोजी रेडिओवर सुरू झाली होती. ३० जून १९५२ रोजी ती टीव्हीवर आली आणि पुढची चार वर्षं रेडिओ आणि टीव्ही अशा दोन्ही ठिकाणी चालत राहिली. ती बंद पडली १८ सप्टेंबर २००९ रोजी. ७२ वर्षं एकच गोष्ट.

वाती वळता वळता

कानांसाठी घडवलेली गोष्ट ओळखायची कशी? आज दुपारची कुठलीही मालिका लावा आणि पडद्याकडे पाठ करून बसा. पात्रं एकमेकांना जरुरीपेक्षा जास्त वेळा नावाने किंवा नात्याने हाक मारताना ऐकू येतील. "आई, तुम्ही हे काय बोलताय?" "सुधीर, तू तिला काही सांगितलंस?" एरवी घरात आपण इतकी नावं घेत नाही. इथे ती घ्यावी लागतात, कारण कुकर बघायला गेलेल्या बाईला कोण कुणाशी बोलतंय ते भिंतीपलीकडून कळायला हवं. मोठं काही घडण्याआधी संगीत चढतं. ती आत काम करणारीला मारलेली हाक असते. काल काय झालं ते आज कुणीतरी कुणालातरी सांगतं, कारण काल तिच्याकडे पाहुणे आले असतील, नाहीतर लाइट गेली असेल.

लोडशेडिंगच्या वर्षांत हे फार जवळून पाहिलं. आमच्या गावी आठवड्यातल्या कित्येक दुपारी अंधारात जायच्या. तरी कुणाची गोष्ट तुटली नाही. पाचातले तीन भाग बुडाले तरी उरलेल्या दोनांत धागा पुन्हा सापडत होता. अशी गोष्ट लिहायला किती कसब लागतं, हे चांगली कथा-कादंबरी लिहिणाऱ्याने एकदा करून बघावं.

आपल्याकडच्या बायकांना असं ऐकणं शिकवावं लागलं नाही. चातुर्मासात दुपारी देवळात किंवा कुणाच्या ओसरीवर पोथी लावलेली असायची. ऐकणाऱ्यांच्या मांडीवर कापूस. वाती वळता वळता ऐकायचं. गुरुजी काल कुठवर आलो होतो ते आधी सांगणार, ओवी वाचणार, मग अर्थ, आणि कुणी उशिरा आलं तर चार शब्दांत पुन्हा मागचं. गोष्ट सगळ्यांना ठाऊक असायची. पुढे काय होणार यासाठी कुणी येत नव्हतं. यायचं ते दुपार चार माणसांत जावी म्हणून, आणि ठाऊक असलेली गोष्ट आज कशी सांगतात ते ऐकायला. मग आकाशवाणीचं 'वनिता मंडळ' आलं, 'पुन्हा प्रपंच' आलं. त्यातले टेकाडे भावजी कित्येक घरांत खरोखरचे भावजी असल्यासारखे बोलण्यात यायचे. टीव्ही आला तो या तयार कानांत.

आता संथपणाची तक्रार. "आठवडा झाला, अजून तेच चाललंय," असं म्हणणारा माणूस घटनेची वाट बघत असतो. दुपारच्या मालिकेत घटना ही फार लहान गोष्ट आहे. समजा सुनेने नोकरी सोडायचं ठरवलं. हे सांगायला एक मिनिट पुरतं. पण ते सासूला कोण सांगणार, नणंदेला आधी कळलं तर काय, सुनेच्या आईला ते शेजारणीकडून कळलं तर तिला किती लागेल, आणि ज्याला सगळं ठाऊक आहे तो गप्प का आहे, यात आठवडा जातो. एका बातमीचे तरंग एकेका माणसापर्यंत कसे पोचतात, हाच मालिकेचा खरा विषय आहे. ज्यांचं आयुष्य कुटुंबात जातं त्यांना माहीत असतं, की घरात काय घडलं यापेक्षा ते कुणी कुणाला कसं सांगितलं यावर वर्षानुवर्षांचे अबोले ठरतात. पात्रं जितकी जुनी, तितके हे तरंग लांब जातात. वीस वर्षांपूर्वीचं भांडण लक्षात असलेल्या प्रेक्षकाला एका नजरेत जे दिसतं, ते आज पहिल्यांदा टीव्ही लावणाऱ्याला दिसूच शकत नाही. म्हणून पाहुण्याला ती मालिका पोकळ वाटते आणि घरच्याला भरलेली.

रोज येणारं माणूस

१९५६ मध्ये डोनाल्ड हॉर्टन आणि रिचर्ड वोल या दोन अभ्यासकांनी एका लेखात एक कल्पना मांडली. पडद्यावरचं माणूस रोज ठरल्या वेळी घरात येतं, आपल्याकडे बघून बोलतं, त्याच्या सवयी आपल्याला ठाऊक होतात. ते आपल्याला ओळखत नाही, हे पक्कं माहीत असूनही मनात ओळख तयार होते, आणि ती ओळख खऱ्या ओळखीच्या नियमांनीच वाढते. या एकतर्फी नात्याचा अभ्यास आजही याच लेखापासून सुरू होतो.

ओळख वाढायला काय लागतं? मुख्यतः वारंवारता आणि वेळ. दुपारच्या मालिकेकडे दोन्ही भरपूर असतं. 'ॲज द वर्ल्ड टर्न्स' ही मालिका २ एप्रिल १९५६ रोजी सुरू झाली तेव्हा तिच्यातलं पहिलं वाक्य हेलन वॅग्नर या अभिनेत्रीच्या तोंडी होतं. तिने नॅन्सी ह्यूजचं ते काम २०१० मध्ये मरेपर्यंत केलं. ५४ वर्षं. मालिका सुरू झाली तेव्हा पाळण्यात असलेली मुलगी नॅन्सीला बघत आजी झाली असेल. २२ नोव्हेंबर १९६३ च्या दुपारी याच मालिकेत नॅन्सी सासऱ्यांशी बोलत होती. प्रसारण थेट चालू होतं. मधेच पडद्यावर बातमीची पाटी आली आणि वृत्तनिवेदक वॉल्टर क्रॉन्काइट यांच्या आवाजात ऐकू आलं, की डॅलसमध्ये अध्यक्ष केनेडी यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या आहेत. स्टुडिओतल्या नटांना काहीच ठाऊक नव्हतं. ते आपला प्रवेश करत राहिले. कित्येक अमेरिकन घरांत त्या शतकातली एक मोठी बातमी अशी, घरातलं साधं बोलणं अर्ध्यात तोडून आली.

ही सोबत टोचणारेही पहिल्यापासून होते. १९४२ मध्ये न्यूयॉर्कचे मनोविकारतज्ज्ञ लुई बर्ग यांनी जाहीर केलं, की या मालिका ऐकून बायकांची प्रकृती बिघडते. आधार काय, तर मालिका ऐकताना त्यांनी मोजलेला स्वतःचा रक्तदाब आणि नाडी. त्याच सुमारास हर्टा हर्झोग या संशोधक बाईंनी वेगळं केलं. त्या ऐकणाऱ्या बायकांकडे गेल्या आणि त्यांनाच विचारलं. उत्तरांतून तीन गोष्टी वर आल्या. काहींना मनातलं साचलेलं मोकळं करायला जागा मिळत होती, काही जणी स्वतःच्या वाट्याला न आलेलं सुख कल्पनेत जगत होत्या, आणि काही जणी सल्ला शोधत होत्या. नवरा गप्प झाला की काय करायचं, मुलगा ऐकेनासा झाला की त्याच्याशी कसं बोलायचं. यातली तिसरी गोष्ट मला सगळ्यांत महत्त्वाची वाटते. जिला विचारायला घरात कुणी नाही, ती मालिकेला विचारत होती.

जो शब्द उच्चारायचा नव्हता

हा सल्ला किती खोल जाऊ शकतो याचं उदाहरण १९६२ चं आहे. 'गायडिंग लाइट'च्या लेखिका होत्या ॲग्नेस निक्सन. त्यांची एक मैत्रीण गर्भाशयमुखाच्या कॅन्सरने गेली होती. गर्भाशयमुखाच्या पेशी बघणारी पॅप तपासणी वेळेवर झाली तर हा आजार आधी कळू शकतो, ही गोष्ट बायकांपर्यंत पोचवायचं त्यांनी ठरवलं. मालिकेतली बर्ट बाउर ही सगळ्यांच्या ओळखीची, कुटुंब सांभाळणारी बाई. तिची ही तपासणी करायची असं कथानक त्यांनी मांडलं. प्रायोजक आणि वाहिनी कबूल झाले, पण अट घालून. कॅन्सर, गर्भाशय आणि गर्भाशय काढण्याची शस्त्रक्रिया, हे तिन्ही शब्द उच्चारायचे नाहीत.

निक्सन यांनी ते शब्द न वापरता गोष्ट लिहिली. बर्ट डॉक्टरकडे जायचं टाळत राहते, शेवटी जाते, तपासणीत काहीतरी सापडतं, उपचार होतात, ती बरी होते. शब्द नसताना गोष्ट कळली कशी? याचं उत्तर वर येऊन गेलंय. बर्ट बारा वर्षांपासून रोज घरात येत होती. तिचं काम करणाऱ्या चॅरिटा बाउर १९५० पासून मालिकेत होत्या. त्यांच्या आवाजातली काळजी ओळखायला बायकांना शब्दांची गरज पडली नाही. अनोळखी डॉक्टरने रंगीत तक्ते लावून सांगितलं असतं तर ते एका कानातून शिरून दुसऱ्यातून गेलं असतं. हे ओळखीच्या बाईला होत होतं. पुढे चॅरिटा बाउर यांचा पाय खरोखर कापावा लागला, तेव्हा तेही मालिकेत आलं आणि बर्टने आपल्या प्रेक्षकांसमोर नव्याने चालायला शिकून दाखवलं. भारतातल्या बायकांमध्ये स्तनांच्या खालोखाल गर्भाशयमुखाचाच कॅन्सर आढळतो, आणि आपल्या किती घरांत ही तपासणी अजून टाळली जाते, हे आठवलं की १९६२ च्या त्या कथानकाचं मोल कळतं.

यानंतर दार उघडलं. १९७३ मध्ये, अमेरिकेत गर्भपाताला कायदेशीर मान्यता मिळाली त्याच वर्षी, निक्सन यांच्याच 'ऑल माय चिल्ड्रन'मधल्या एरिका केनने गर्भपात करून घेतला. रात्रीच्या मालिका ज्या विषयांभोवती जपून वावरत होत्या, ते दुपारी बोलले जात होते. दुपारी गप्पांचे कार्यक्रमही आले. ६ नोव्हेंबर १९६७ रोजी ओहायोतल्या डेटन शहरात फिल डोनाह्यू यांनी आपला कार्यक्रम सुरू केला आणि हातातला माइक प्रेक्षकांत नेला. घरी बसलेल्या बाईसारखीच दिसणारी बाई आता पाहुण्याला प्रश्न विचारत होती. ऑप्रा विन्फ्री यांचा कार्यक्रम ८ सप्टेंबर १९८६ पासून देशभर दिसू लागला आणि २०११ पर्यंत चालला. पहिल्याच वर्षी त्यांनी लहानपणी स्वतःवर झालेल्या लैंगिक अत्याचाराबद्दल कॅमेऱ्यासमोर सांगितलं. भर दुपारी, कुणी इस्त्री करत असताना, कुणी बाळाला भरवत असताना, हे बोलणं घरात आलं.

मात्र ही जवळीक उलटूही शकते, आणि ते झाकून ठेवणं बरोबर नाही. 'जनरल हॉस्पिटल'मध्ये १९७९ साली ल्यूक या पात्राने लॉरावर बलात्कार केला. प्रेक्षकांना जोडी आवडते आहे असं दिसल्यावर मालिकेने त्याचीच प्रेमकथा केली. नोव्हेंबर १९८१ मध्ये त्यांचं लग्न झालं तेव्हा ३ कोटी लोक ते बघत होते. अमेरिकेतल्या दुपारच्या मालिकांना एवढा प्रेक्षक पुन्हा मिळाला नाही. ओळखीच्या माणसाचं चुकलं तरी आपण त्याला पोटात घालतो, आणि मालिकेने कोट्यवधी बायकांना नेमकं तेच करायला लावलं. १९९८ मध्ये, त्या दोघांच्या मुलाला ही गोष्ट कळते तेव्हा, मालिकेने त्या घटनेला बलात्कार म्हणून पुन्हा समोर आणलं. न संपणाऱ्या गोष्टीत चूक मागे टाकता येत नाही. एकोणीस वर्षांनी का होईना, ती पुन्हा दारात येते.

आपली दुपार

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालं, पण बरीच वर्षं टीव्ही ही संध्याकाळची गोष्ट होती. १५ ऑगस्ट १९८४ पासून विद्यापीठ अनुदान आयोगाचे अभ्यासाचे कार्यक्रम दिवसा लागायला लागले. १९९२ नंतर केबलवर स्टारच्या वाहिनीवरून 'सांता बार्बरा' आणि 'द बोल्ड अँड द ब्यूटिफुल' शहरी घरांत आल्या. दुपार खरी भरली ती दूरदर्शनच्या रोजच्या मालिकांनी. १९९४ मध्ये मंदिरा बेदी यांची 'शांती', १९९५ मध्ये 'स्वाभिमान', आणि मराठीत प्रतीक्षा लोणकर यांची 'दामिनी'. मराठीतली पहिली दैनंदिन मालिका म्हणून आजही 'दामिनी'चंच नाव घेतलं जातं.

शांती आणि दामिनी या दोघीही पत्रकार होत्या, याचं मला अजून अप्रूप वाटतं. शांती आपल्या आईवर झालेल्या अत्याचाराचा जाब विचारायला बड्या माणसांच्या बंगल्यात शिरते. दामिनी वर्तमानपत्रातून अन्यायाशी भांडते. प्रश्न विचारणं हेच दोघींचं काम. ऐकणारी बाई घरात, तिच्या हाताला कणीक, आणि तिच्या कानात खालच्या पट्टीत न बोलणारा एक बाईचा आवाज. माझी आई दामिनीला एकेरीच बोलायची, मुलीला बोलावं तशी. "बरं केलंस, असंच सुनावायला पाहिजे होतं." घरात तिने कुणाला असं सुनावल्याचं मी फारसं ऐकलं नव्हतं.

मराठीत ही ओळख नात्याच्या शब्दाने पक्की होते. टेकाडे भावजींपासून चालत आलेली ही रीत २००४ मध्ये सुरू झालेल्या 'होम मिनिस्टर'ने पुढे नेली. कार्यक्रम संध्याकाळचा, पण घडण सगळी दुपारची. आदेश बांदेकर घरात शिरायचे ते 'भावोजी' म्हणून, आणि समोरची बाई 'वहिनी' व्हायची. नातं ठरलं की बोलण्याची मुभा मिळते. अनोळखी पुरुषाशी जी बाई चार वाक्यं बोलली नसती, ती भावोजींना लग्न कसं ठरलं ते सासूसमोर हसत हसत सांगायची. पैठणी हे निमित्त. तिचं बोलणं सगळं गाव ऐकतंय, हा खरा मान.

याचा समाजावर परिणाम होतो का, हे मोजायचा प्रयत्नही झाला आहे. रॉबर्ट जेन्सन आणि एमिली ऑस्टर या अर्थशास्त्रज्ञांचा अभ्यास २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यांनी २००१ ते २००३ या काळात बिहार, हरियाणा, तामिळनाडू, दिल्ली आणि आपला गोवा इथल्या १८० गावांतल्या कुटुंबांकडे पुन्हा पुन्हा जाऊन प्रश्न विचारले. मधल्या काळात काही गावांत केबल आली, काहींत आली नाही. जिथे आली तिथे बायकोला मारणं योग्य आहे असं मानणाऱ्या बायका कमी झाल्या, मुलगाच हवा हा आग्रह कमी झाला आणि घरातल्या निर्णयांत आपलं ऐकलं जातं असं सांगणाऱ्या वाढल्या. हा अभ्यास सगळ्या केबल टीव्हीचा आहे, फक्त दुपारच्या मालिकांचा नाही. उत्तरं बदलली म्हणजे वागणं तेवढंच बदललं असंही नाही. तरी ज्या मालिकांना आपण डोळे मिटून बुरसटलेल्या म्हणतो, त्यांतून गावातल्या बाईला दुसरी घरं दिसत होती, आणि स्वतःच्या घराशी ती त्यांची तुलना करत होती, एवढं यातून नक्की कळतं.

गणित जमवताना

दुपारचा प्रेक्षक रात्रीपेक्षा कमी, म्हणून जाहिरातीचा दर कमी, म्हणून मालिकेला मिळणारा पैसाही कमी. वाहिनीला सगळ्यांत सोपं म्हणजे रात्रीचाच भाग दुसऱ्या दिवशी दुपारी पुन्हा लावणं. त्याचा खर्च आधीच निघालेला असतो. दुपारसाठी नवं काही करणं ही जोखीम. 'कुमकुम'सारखी मालिका २००२ ते २००९ दुपारी चालली, पण २०१७ मध्ये स्टार प्लसने खास दुपारच्या नव्या मालिकांचा पट्टा सुरू केला तो काही महिन्यांतच आवरला. मराठीत मात्र २०२२ मध्ये स्टार प्रवाहने 'लग्नाची बेडी' आणि 'मुरांबा' या नव्या मालिका दुपारी आणल्या आणि त्या रुजल्या. दुपारी दीडला जेवणं आटोपून भांडी घासायला घेणारी बाई अजून आहे, हे त्यांनी ओळखलं.

अमेरिकेत हे गणित जास्त बिघडलं. बायका नोकरीला लागल्या आणि दुपारी घरं रिकामी राहायला लागली. १९९५ मध्ये माजी फुटबॉलपटू ओ. जे. सिम्पसन यांच्यावरच्या खुनाच्या खटल्याच्या थेट प्रसारणाने कित्येक महिने मालिकांची वेळ खाल्ली, आणि सवय मोडलेले बरेच प्रेक्षक परत आले नाहीत. रोजच्या मालिकेचं सगळं भांडवल सवय हेच असतं. 'गायडिंग लाइट' गेली, 'ॲज द वर्ल्ड टर्न्स' गेली, आणि 'डेज ऑफ अवर लाइव्ज' २०२२ मध्ये टीव्हीवरून स्ट्रीमिंगवर गेली. तरीही फेब्रुवारी २०२५ मध्ये सीबीएस या वाहिनीने 'बियाँड द गेट्स' ही नवी दुपारची मालिका सुरू केली, एका कृष्णवर्णीय कुटुंबाची.

आपल्याकडे आता दुपार घड्याळात राहिलेली नाही. न्यू जर्सीतली माझी मावसबहीण दीडची मालिका तिच्या सकाळी ऐकते, मुलांचे डबे भरताना. आईने सत्तरी ओलांडली आहे. तिला आम्ही मोठ्या पडद्याचा फोन घेऊन दिला आणि तो उभा राहावा म्हणून ओट्यावर एक स्टँडही लावला. परवा गेले तेव्हा ती पोळ्या करत होती आणि स्टँड रिकामा होता. मिसळणाच्या डब्याशेजारी फोन पालथा ठेवलेला. पीठ लागू नये म्हणून. आत मालिका चालू होती, आणि संगीत चढलं तसा तिचा लाटण्यावरचा हात थांबला.